काणभूतीची जागा

'कथासरित्सागरा'च्या पहिल्या लंबकाचे नाव 'कथापीठ' असे आहे. अनुक्रमणिका चाळताना या शब्दावरून नजर सहज पुढे सरकते, कारण 'पीठ' हे उत्तरपद आपल्या फार परिचयाचे झाले आहे. विद्यापीठ, धर्मपीठ, व्यासपीठ, खंडपीठ. पीठ म्हणजे आसन, चौथरा, बसण्याची जागा. विद्यापीठात विद्या बसते की विद्वान, हा प्रश्न जसा आपण कधी विचारत नाही, तसाच कथापीठावर नेमके कोण बसते हेही विचारत नाही. सांगणारा, ऐकणारा, की स्वतः कथाच? गेली वीसएक वर्षे मराठी शिकवताना हा शब्द मला अधूनमधून अडवत आला आहे. अलीकडे तर त्याने मनात मुक्कामच ठोकला आहे.

गोष्टीत सामर्थ्य असते, असे आपण सगळेच म्हणतो. ग्रंथप्रदर्शनाच्या उद्घाटनात म्हणतो, सत्काराला उत्तर देताना म्हणतो, प्रथम वर्षाच्या पहिल्या तासाला तर हमखास म्हणतो. म्हणून म्हणून ते वाक्य इतके गुळगुळीत झाले आहे की त्यावर बोट ठरत नाही. परंतु हे सामर्थ्य एका ठिकाणाहून दुसऱ्या ठिकाणी जाते कसे? पाण्याला पाट लागतो, विजेला तार लागते. मग लिहून ठेवलेली गोष्ट कपाटात पडून असते तेव्हा तिचे बळ कोठे असते, आणि ते वाहते करायला काय लागते? आपल्याकडील जुन्या कथाकारांनी या प्रश्नावर प्रमेये मांडली नाहीत. त्यांनी जादूच्या वास्तू कल्पिल्या आणि त्यांच्यातून गोष्टींचे बळ वाहवून दाखवले. त्यांपैकी दोन वास्तूंविषयी मला येथे लिहायचे आहे. एक सिंहासन आहे आणि दुसरे अग्निकुंड.

सिंहासनाची गोष्ट लहानपणी आपण सर्वांनी ऐकलेली असते. 'सिंहासनबत्तिशी'तील विक्रमाचे ते आसन इंद्राने दिलेले. विक्रमानंतर त्यावर बसण्याच्या योग्यतेचा कोणी उरला नाही म्हणून ते जमिनीत पुरून टाकण्यात आले. पुढे कधीतरी त्या जागेवर शेत झाले. संस्कृत पाठांमध्ये त्या शेतात एका ब्राह्मणाने राखणीसाठी माळा घातला आहे. माळ्यावर चढला की तो ब्राह्मण उदार होतो, येणाऱ्याजाणाऱ्याला शेतातले हवे ते खा म्हणतो. खाली उतरला की तोच माणूस पीक तुडवले म्हणून ओरडू लागतो. लोकांच्या तोंडी असलेल्या गोष्टीत त्या जागी गुराखी पोर येते आणि टेकाडावर बसून मोठमोठ्या न्यायाधीशांना सुचणार नाहीत असे निवाडे करू लागते. भोजराजाच्या कानावर ही नवलाई जाते, तो जमीन खणवतो आणि आत बत्तीस पुतळ्यांचे सिंहासन सापडते. भोज त्यावर बसू जातो तेव्हा एकेक पुतळी बोलू लागते, विक्रमाच्या औदार्याची एकेक गोष्ट सांगते आणि शेवटी एवढेच विचारते, की असे औदार्य तुझ्याकडे आहे काय? असेल तर बस.

या वास्तूचे गंमतीचे वैशिष्ट्य असे, की ती बसण्यासाठी घडवलेली आहे आणि तिचे सगळे काम बसू न देण्याचे आहे. भोज हा काही ऐरागैरा नव्हे. धारानगरीचा हा राजा विद्येचा आश्रयदाता म्हणून परंपरेत गाजलेला, स्वतः ग्रंथकार. तरीही त्याला पायरीपाशी थांबावे लागते आणि गोष्ट संपेपर्यंत उभे राहून ऐकावे लागते, तेही बत्तीस वेळा. सिंहासनाची जादू कोणती, तर सत्तेला ऐकायला लावण्याची. भोज शेवटी बसला की नाही याबाबत पाठभेद आहेत. फ्रँकलिन एजर्टन यांनी १९२६ मध्ये या ग्रंथाचे चार संस्कृत पाठ शेजारी शेजारी मांडून प्रसिद्ध केले, तेव्हा एकाच गोष्टीला किती वळणे फुटतात हे अभ्यासकांना एका नजरेत दिसले. माझ्या दृष्टीने बसण्या-न बसण्याला फारसे महत्त्व नाही. बत्तीस गोष्टी ऐकून झाल्यावर भोज पहिला भोज राहिलेला नसतो, एवढे पुरे आहे.

या आसनाने मराठीतही एकदा आपले काम चोख बजावलेले दिसते. मराठी मुद्रणाच्या अगदी आरंभकाळात, १८१४ मध्ये, बंगालमधील सेरामपूर येथे विल्यम केरी यांच्या छापखान्यातून 'सिंहासनबत्तिशी' मराठीत छापून निघाली. ती सिद्ध करणारे वैजनाथ शर्मा हे केरींचे पंडित होते. केरी कलकत्त्याच्या फोर्ट विल्यम महाविद्यालयात कंपनीच्या तरुण अधिकाऱ्यांना मराठी शिकवत असत आणि अशा पुस्तकांची गरज मुख्यतः तेथे होती. चारच वर्षांनी, १८१८ मध्ये, पेशवाई संपली. म्हणजे जे लोक लवकरच येथल्या गादीचे मालक होणार होते, त्यांची मराठी ज्या पुस्तकांवर घडत होती, त्यांत अयोग्य राजाला बसू न देणाऱ्या सिंहासनाची गोष्ट होती. त्या विद्यार्थ्यांपैकी कोणी एखाद्या पुतळीपाशी क्षणभर थबकला असेल काय? इतिहासात अशा थबकण्याची नोंद होत नसते. पण पुतळी आपले काम करून गेली होती.

पुतळ्यांविषयी आणखी एक गोष्ट सहसा बालवाङ्मयातून गळते. काही पाठांनुसार त्या मुळात पार्वतीच्या परिचारिका. तिच्या शापाने त्या निर्जीव पुतळ्या होऊन सिंहासनाला जडल्या, आणि भोजाला विक्रमाच्या गोष्टी सांगितल्या की त्या सुटणार, असा उःशाप. एम.ए.च्या वर्गात हा भाग मी पहिल्यांदा शिकवला तेव्हा सबंध ग्रंथाचा तोल माझ्यासाठी बदलला. तोवर मला वाटत असे की गोष्टी राजासाठी आहेत. आता दिसू लागले की राजा ऐकतो आहे म्हणून बत्तीस बायका दगडातून सुटत आहेत. गोष्ट ज्याच्यापाशी असते त्याला ती बांधून ठेवते. सांगितली की सांगणारा मोकळा होतो. भोजाला आपण शिकतो आहोत असे वाटत असेल, प्रत्यक्षात तो कोणाची तरी बेडी काढत असतो.

हेच सूत्र घेऊन आता कथापीठाकडे वळता येईल. कारण तेथेही गोष्टीची सुरुवात पार्वतीच्या शापापासूनच होते. शिवाने पार्वतीला एकान्तात एक कधीच न ऐकलेली कथा सांगितली. पुष्पदंत नावाच्या गणाने ती चोरून ऐकली आणि आपल्या पत्नीला, जयेला, सांगितली. जयेने भोळेपणाने ती पार्वतीपुढेच सांगितली. पार्वती रागावली आणि पुष्पदंताला मर्त्यलोकी जन्म घेण्याचा शाप मिळाला. त्याची बाजू घेणाऱ्या माल्यवानालाही मिळाला. उःशापाची रचना मात्र एखाद्या यंत्राच्या आराखड्यासारखी नेमकी आहे. विंध्याच्या अरण्यात काणभूती नावाचा पिशाच आहे. तो मूळचा यक्ष, तोही कुबेराच्या शापाने पिशाच झालेला. पुष्पदंत वररुची होऊन जन्मेल आणि काणभूतीला कथा सांगेल, तेव्हा तो सुटेल. काणभूती ती माल्यवानाला, म्हणजे गुणाढ्याला सांगेल, तेव्हा काणभूती सुटेल. गुणाढ्य ती जगात पसरवील, तेव्हा गुणाढ्य सुटेल. सिंहासनात बत्तीस जणी एकाच ऐकणाऱ्यापुढे सुटतात. येथे प्रत्येक ऐकणारा पुढचा सांगणारा होतो. पाट एका वाफ्यातून दुसऱ्या वाफ्यात फोडावा तशी कथा पुढे जाते.

गुणाढ्य हा प्रतिष्ठानचा, म्हणजे आपल्या पैठणचा. सातवाहन राजाचा तो मंत्री. जलक्रीडा करताना राणी संस्कृतात म्हणाली, की आता पाणी उडवू नका. 'मा' आणि 'उदकैः' यांचा संधी होऊन 'मोदकैः' झाले, आणि राजाने मोदक मागवले. राणी हसली. त्या एका हसण्याने राजा अंथरुणाला खिळला. आता मला व्याकरण शिकवा, म्हणू लागला. गुणाढ्य म्हणाला, सहा वर्षे लागतील. शर्ववर्मा म्हणाला, सहा महिन्यांत शिकवतो. तू हे करून दाखवलेस तर मी संस्कृत, प्राकृत आणि देशी, तिन्ही भाषा सोडीन, असा पण गुणाढ्याने लावला आणि तो हरला. व्याकरणाच्या तासाला सवर्णदीर्घ आणि गुणसंधी समजावताना ही गोष्ट सांगितली की वर्ग हसतो. मात्र त्या हसण्याखालची गोष्ट फार गंभीर आहे. एका भाषेतल्या न्यूनगंडापायी राजा आजारी पडतो आणि एका विद्वानाला सगळ्या प्रतिष्ठित भाषा सोडून मुका व्हावे लागते. इंग्रजीत अडखळल्यामुळे मान खाली घालणारा विद्यार्थी दर वर्षी माझ्या वर्गात असतो. त्याला सातवाहन राजा लगेच कळतो. त्याच्या बरोबरीने गुणाढ्यही कळावा, एवढीच माझी खटपट असते.

मौन धरलेला गुणाढ्य दोन शिष्यांसह विंध्यात जातो. तेथे पिशाचांचे बोलणे कानावर पडून पडून त्यांची भाषा शिकतो. त्या चौथ्या भाषेत त्याचे मौन सुटते. काणभूतीकडून कथा ऐकून तो ती सात वर्षांत सात लक्ष श्लोकांत लिहितो. अरण्यात शाई नाही म्हणून स्वतःच्या रक्ताने लिहितो. शिष्य तो ग्रंथ राजाकडे नेतात. राजा म्हणतो, केवढा हा ग्रंथ, त्यातून पैशाची भाषा, त्यातून रक्ताने लिहिलेली अक्षरे! आणि परत पाठवतो. ग्रंथ नाकारण्याची ही तीन कारणे मला फार ओळखीची वाटतात. आकार, भाषा आणि लिहिणाऱ्याच्या अंगाचा वास. आजही ग्रंथ नाकारले जातात ते बहुधा याच तीन कारणांनी. शब्द तेवढे अधिक सभ्य वापरतात.

यानंतर ती दुसरी वास्तू येते. गुणाढ्य एका टेकडीवर अग्निकुंड पेटवतो. एकेक पान मोठ्याने वाचतो आणि आगीत टाकतो. शिष्यांना प्रिय असलेला नरवाहनदत्ताच्या चरिताचा एक लक्ष श्लोकांचा भाग तेवढा बाजूला ठेवतो. अरण्यातले हरिण, रानडुक्कर, रेडे चरणे सोडून भोवती कडे करून बसतात आणि डोळ्यांत पाणी आणून ऐकतात. इकडे राजा आजारी पडतो. वैद्य म्हणतात, कोरडे मांस खाल्ल्याने हे झाले. स्वयंपाक्यांना जाब विचारतात, स्वयंपाकी पारध्यांकडे बोट दाखवतात आणि पारधी सांगतात, की टेकडीवर एक माणूस काहीतरी वाचतो आणि जाळतो, जनावरे तेथून हलत नाहीत, खात नाहीत, म्हणून त्यांच्या अंगावरचे मांस सुकले आहे.

या साखळीकडे एकदा रेखाकृती पाहावी तसे पाहा. पान, आवाज, जनावराचा कान, त्याचे सुकलेले अंग, पारध्याचा बाण, मुदपाकखाना, राजाचे ताट, राजाचे पोट. दरबाराच्या दारातून ज्या कथेला आत येऊ दिले नाही, ती स्वयंपाकघराच्या दारातून आत आली. राजाने जी ऐकली नाही ती त्याने खाल्ली, आणि ती त्याला पचली नाही. कथेचे बळ वाहून नेणारी याहून नेमकी वास्तू मला तरी कोठे भेटलेली नाही. तिला ना भिंती, ना छप्पर, आणि तिची एकही कडी राजाच्या ताब्यात नाही. यातील बहुतेक कड्यांना वाचताही येत नाही. हरणांना अक्षरओळख नाही, पारध्यांना पैशाची कळली असेलच असे नाही, स्वयंपाक्याला तर अरण्यात कोणी कथा वाचतो आहे याचा पत्ताही नाही. तरीही ती सगळ्यांमधून गेली. राजा धावत जातो तोवर सहा लक्ष श्लोक जळून गेलेले असतात. उरलेला एक लक्ष गुणाढ्य त्याच्या हाती ठेवतो आणि शापमुक्त होऊन निघून जातो. कथा कशी अवतरली हे सांगण्यासाठी मग राजाच त्या भाषेत कथापीठ रचतो. म्हणजे पीठावर शेवटी बसते ती कथेच्या प्रवासाची कथा.

या गोष्टीतला राजा सातवाहन असावा, यात एक बोचरा विरोधाभास आहे. इतिहासातल्या सातवाहनांचे नाणेघाट आणि नाशिक येथील लेख प्राकृतात आहेत. माहाराष्ट्री प्राकृतातली 'गाथासप्तशती' परंपरेने हाल सातवाहनाच्या नावावर आहे. ज्या घराण्याची प्राकृताशी एवढी जवळीक, त्याच घराण्यातला राजा काश्मिरी कवीच्या ग्रंथात संस्कृत येत नाही म्हणून झुरतो आणि पैशाची पाहून नाक मुरडतो. ३ ऑक्टोबर २०२४ रोजी केंद्र सरकारने मराठीला अभिजात भाषेचा दर्जा दिला, तेव्हा मराठीच्या प्राचीनत्वाच्या चर्चेत 'गाथासप्तशती'चे नाव सर्वत्र घेतले गेले. त्याच निर्णयात पाली आणि प्राकृत यांनाही तो दर्जा मिळाला. त्या दिवशी आमच्याकडे पेढे वाटले गेले आणि मीही आनंदाने खाल्ले. पण पेढा खाताना टेकडीवरचा धूर डोळ्यांपुढे आल्यावाचून राहिला नाही. दर्जा हे राजाने दिलेले आसन असते. आसनावर बसलेली भाषा आणि वाहती राहिलेली भाषा या नेहमी एकच असतील असे नाही.

प्रत्यक्षात तो वाचलेला एक लक्षाचा भागही आज उपलब्ध नाही. गुणाढ्याची 'बृहत्कथा' मूळ पैशाचीत कोणाच्याच हाती लागलेली नाही. दंडी, सुबंधू, बाण यांच्यासारखे जुने लेखक तिचे नाव घेतात, आणि तिची रूपांतरे आपल्यापुढे आहेत: काश्मिरातील क्षेमेंद्राची 'बृहत्कथामंजरी', तेथीलच सोमदेवाचा अकराव्या शतकातला 'कथासरित्सागर', नेपाळात सापडलेला बुधस्वामीचा 'बृहत्कथाश्लोकसंग्रह', आणि जैन माहाराष्ट्रीतील संघदासगणींची 'वसुदेवहिंडी', जिच्यात नायकाचे नावगाव बदलून तीच कथा नांदते. सोमदेवाने अठरा लंबकांचा हा समुद्र काश्मीरच्या सूर्यमती राणीच्या मनाला विरंगुळा म्हणून रचला. कथेत जेवढे वाचले तेवढेही वास्तवात वाचले नाही. वाचली ती साखळी. असे आपल्याकडे अन्यत्रही घडलेले आहे. म्हाइंभटांच्या 'लीळाचरित्रा'ची मूळ प्रत परचक्राच्या धामधुमीत नाहीशी झाली आणि ज्यांना ती मुखोद्गत होती त्यांच्या स्मरणातून ती पुन्हा उभी राहिली, असे महानुभाव परंपरा सांगते. म्हणूनच तिचे इतके पाठ. संशोधकाला पाठभेद ही डोकेदुखी वाटते. पण जिवंत माणसांतून गेल्याची ती खूणही आहे.

हे सगळे आताच सुचण्याचे कारण तसे रोकडे आहे. मी ज्या तालुक्याच्या गावी शिकवते, तेथल्या महाविद्यालयात मराठीचा पदव्युत्तर वर्ग आहे. एके काळी त्यात बाके पुरत नसत. या वर्षी चार विद्यार्थी आहेत, तिघी मुली आणि एक मुलगा. पुढल्या वर्षी संख्या वाढली नाही तर वर्ग बंद होईल, असे तोंडी सांगण्यात आले आहे. याच वर्षी ग्रंथालयात निर्लेखनाचे काम निघाले. निर्लेखन हा आमच्या कार्यालयीन मराठीतला मोठा अर्थगर्भ शब्द. ग्रंथ दाखलनोंदवहीतून कमी करणे, इतकाच त्याचा अर्थ. पण लिहिलेले पुसून टाकणे असाही तो कानाला ऐकू येतो. फाटलेली, वाळवी लागलेली, वर्षानुवर्षे कोणी न नेलेली पुस्तके समितीपुढे येतात, याद्या होतात, सह्या होतात आणि मग रद्दीचा भाव ठरतो. समितीत मीही आहे. यात कोणी खलनायक नाही, हे मला स्पष्ट सांगितले पाहिजे. जागा खरोखरच अपुरी आहे आणि वाळवी खरोखरच पसरते. मात्र पुस्तकाच्या आतल्या बाजूला चिकटवलेली तारखांची चिठ्ठी पाहिली की मन खट्टू होते. सुरुवातीला दाट तारखा, मग विरळ, मग पांढरी जागा. कथेचे बळ कधी आटले याची इतकी स्वच्छ नोंद अन्यत्र मिळत नाही.

त्याच सुमारास मी वर्गात कथापीठ शिकवत होते. तास संपताना चौघांना विचारले, या गोष्टीत तुम्हाला कोण व्हावेसे वाटते? मुलगा म्हणाला, गुणाढ्य. हे अपेक्षितच होते. तो कविता लिहितो. एक मुलगी म्हणाली, हरिण; नुसते ऐकायचे, परीक्षा नाही. सगळे हसले. दुसरी थोडा वेळ गप्प राहून म्हणाली, "मॅडम, राजाला खबर पारध्यांनी दिली. त्यांना कथा कळली नसेल, पण टेकडीवर काहीतरी चाललंय एवढं त्यांना कळलं. त्यांनी ते सांगितलं नसतं तर सातवा भागही गेला असता." या मुलीचे आईवडील दरवर्षी ऊसतोडीला जातात. दिवाळीनंतर घराला कुलूप लागते आणि ती धाकट्या भावंडांसह आजीपाशी राहते. इतकी वर्षे ही गोष्ट शिकवूनही पारध्यांकडे माझे इतके लक्ष गेले नव्हते. टीकाकारांचेही फारसे गेलेले माझ्या वाचनात नाही. कथेच्या वास्तूतली एक कडी त्या दिवशी एका विद्यार्थिनीने मला हाताने दाखवली.

तिसरीने मला उलट विचारले, "आणि मॅडम, तुम्ही कोण?"

तेव्हा मी हसून वेळ मारून नेली, पण उत्तर माझ्यापाशी होते. मी काणभूती. अध्यापकाला गुणाढ्य असल्याचा भास होण्याची भीती असते, आणि सेवेची वर्षे वाढली की सिंहासनावरच्या पुतळीसारखे दगड होण्याचीही. काणभूतीची जागा या दोहोंहून निराळी आहे. कथा त्याची नाही, तिच्यातला नायकही तो नाही, आणि ती लिहिण्याचे श्रेयही त्याला मिळणार नाही. एकाने सांगितलेले त्याने ऐकले, आणि दुसरा येईपर्यंत ते जतन केले. वररुची निघून गेला होता आणि गुणाढ्य अजून आलेला नव्हता, त्या मधल्या काळात ती महाकथा जगात केवळ काणभूतीच्या आणि त्याच्या भोवतीच्या पिशाचांच्या कानांत होती. माझ्या प्राध्यापकांनी मला जे दिले ते देऊन ते गेले. घेणारे चौघे आहेत. सोमदेवाने एक तपशील दिला आहे, तो मला विशेष प्रिय आहे. काणभूती सुटला तेव्हा त्याच्यासोबत बसून कथा ऐकणारे पिशाचही सुटले. ते कोणाच्या शापात नव्हते, उःशापातही त्यांची नोंद नव्हती. केवळ आसपास होते म्हणून त्यांच्या कानावर कथा पडली.

समितीच्या संमतीने मी निर्लेखनाच्या ढिगातून चौघांना एकेक पुस्तक निवडायला सांगितले. अट एकच घातली: आठ दिवसांत वाचायचे आणि वर्गाबाहेरच्या एका माणसाला त्यातली गोष्ट तोंडी सांगायची, सारांश लिहून आणायचा नाही. ऊसतोडीच्या घरातल्या मुलीने 'सिंहासनबत्तिशी'ची एक जुनी, पुठ्ठा निखळलेली बालावृत्ती उचलली. आठ दिवसांनी तिने सांगितले, की तिने गोष्ट आजीला सांगायला घेतली, तर आजीने मध्येच तोडून स्वतःचीच सांगितली. आजीच्या गोष्टीत टेकाड होते आणि गुराखी होता, पण पुढे सिंहासन निघालेच नाही. गावाने मिळून तेथे खणले, खाली नुसती मातीच लागली, आणि दुसऱ्या दिवशी पोरगे पुन्हा त्याच टेकाडावर बसून निवाडे करू लागले. पुस्तकात असे नाही, हे मुलीने आजीला सांगून पाहिले. आजीचे म्हणणे पडले की पुस्तक चुकले असेल.

बाकीचा ढीग ठरल्या दिवशी रिक्षा टेम्पोतून गेला. ती चार पुस्तके मुलांकडेच राहिली आहेत. दाखलनोंदवहीत त्यांच्यापुढे तांबड्या शाईची रेघ आहे, म्हणजे कागदोपत्री ती आता कोठेच नाहीत. वर्गाचे काय होणार ते जूनमध्ये कळेल. तोवर वेळापत्रकात मला आठवड्याचे जे तास आहेत ते आहेत, आणि 'कथासरित्सागरा'चा आणखी एक भाग अभ्यासक्रमातून व्हायचा राहिला आहे. आजीची गोष्ट मी टिपून ठेवली आहे. एजर्टन यांनी चार पाठ मांडले होते. तिच्या गावचा पाठ त्यांच्यात नाही, तर येत्या सत्रात शिकवताना पाचवा म्हणून तो सांगायचा, असे मी ठरवले आहे.